सोलापूरच्या गिरण्यांवर माहितीपट: जुनं चित्रण शोधायचं, तपासायचं आणि वापरायचं कसं?

कापूसकोंडा

नमस्कार मंडळी. ‘जुनी गिरणी’, लक्ष्मी, विष्णू आणि नरसिंग गिरजी या गिरण्यांवर ४५ मिनिटांचा माहितीपट करायला घेतला आहे. मे १९३० चा मार्शल लॉ (लष्करी कायदा), १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात फाशी गेलेले चार हुतात्मे, गिरणीच्या खात्यांमधलं (विभागांमधलं) काम, संप, गिरण्या बंद पडल्यानंतरची वर्षं असा आवाका आहे. मुलाखती भरपूर होतील. अडचण चित्रांची आहे.

जमलेलं साहित्य असं: १६ मिमी फिल्मचे दोन डबे, त्यातल्या एकाला आंबट वास येतो. कामगारांच्या घरून आलेल्या लग्नांच्या आणि गड्ड्याच्या (सिद्धेश्वराच्या) यात्रेच्या व्हीएचएस कॅसेट. थोड्या मिनीडीव्ही (छोट्या डिजिटल व्हिडिओ कॅसेट). आणि यूट्यूबवर दिसलेले ब्रिटिश न्यूजरीलचे (जुन्या बातमीपटांचे) तुकडे. यातलं काय, कोणत्या क्रमानं हाती घ्यावं? हक्कांचं काय? जाणकारांनी सविस्तर लिहावं ही विनंती.

---

पंचकट्टा

आधी आंबट डबा. तो आजच दुसऱ्या डब्यापासून वेगळ्या खोलीत ठेवा. ॲसिटेट फिल्म कुजू लागली की ॲसिटिक ॲसिड सुटतं, म्हणून व्हिनेगरसारखा वास. ते ॲसिड कुजण्याचा वेग आणखी वाढवतं आणि शेजारच्या चांगल्या रिळालाही लागतं. सोलापूरच्या उन्हाळ्यात पत्र्याखालच्या माळ्यावर ट्रंकेत ठेवलेलं रीळ यामुळेच जातं. उष्णता आणि ओल, दोन्ही त्याला मारक.

नेमकी अवस्था कळण्यासाठी ॲसिड ओळखणाऱ्या ए-डी पट्ट्या मिळतात. निळी पट्टी डब्यात घालून झाकण लावायचं आणि खोलीच्या तापमानाला २४ तास ठेवायचं. निळीच राहिली तर ठीक. हिरवीकडे झुकून १.५ च्या खुणेला पोचली की कुजणं आपोआप वेग घेतं. पिवळी झाली तर स्कॅनसाठी थांबू नका.

मग आक्रसणं मोजा. १६ मिमीच्या नव्या प्रिंटवर १०० फ्रेम म्हणजे ७६२ मिमी. तुमच्या रिळावरच्या १०० फ्रेम ७५४ मिमीपेक्षा कमी भरल्या तर ते एक टक्क्याहून जास्त आक्रसलं आहे. अशी फिल्म प्रोजेक्टरवर चढवली की दात्यांवर छिद्रं फाटतात. खरं तर एक टक्क्याच्या आतली सुद्धा चढवू नका. एकमेव प्रत असेल तर ती पाहायची जागा म्हणजे हाताने फिरवायचं रिवाइंड आणि खालून उजेड देणारी पेटी. सुती हातमोजे घाला, फिल्म कडेनेच धरा.

कडेवरचं लिखाण वाचा. ‘सेफ्टी’ (सहज पेट न घेणारी फिल्म) छापलेलं असेल. १६ मिमी जवळजवळ नेहमी सेफ्टीच असते. ३५ मिमी रीळ आलं आणि ते १९५१ च्या आधीचं असलं तर ते नायट्रेट, म्हणजे सहज पेट घेणारं, असू शकतं. ते घरात ठेवायचं नाही, कुरियरने पाठवायचं नाही, थेट पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवायचं. कोडॅकच्या फिल्मवर कडेला वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा खुणा असतात. त्यावरून फिल्म बनल्याचं साल निघतं, पण त्या खुणा २० वर्षांनी पुन्हा येतात. म्हणून १९३७ की १९५७ हे चित्रातल्या गोष्टींवरून ठरवावं लागतं. ‘इंदू’ असं दिसलं तर ती ऊटीच्या हिंदुस्तान फोटो फिल्म्सची, म्हणजे साठच्या दशकाच्या उत्तरार्धातली किंवा त्यानंतरची.

स्कॅन करून घेताना दात्यांशिवाय चालणारा स्कॅनर आहे का, हे विचारा. १६ मिमीला २के (सुमारे २००० ठिपके रुंद चित्र) पुरतं. डीपीएक्स (प्रत्येक फ्रेमची वेगळी, न दाबलेली फाइल) मागितलं तर एक फ्रेम साधारण १३ एमबी, म्हणजे ४०० फुटांच्या रिळाला, जे २४ फ्रेमने ११ मिनिटं चालतं, २०० जीबीच्या वर जागा लागते. ती नसेल तर प्रोरेस ४४४४ (थोडी दाबलेली, पण दर्जेदार फाइल) मागा. थेट एच.२६४ (फार दाबलेली फाइल) घेऊ नका, रंग आणि काळोखातला तपशील दोन्ही जातात.

---

कन्ना चौक

व्हीएचएसबद्दल. कॅसेटच्या खिडकीतून टेपची कड बघा. पांढरी पूड किंवा जाळी दिसली तर ती बुरशी. ती कॅसेट मशीनमध्ये गेली की हेड खराब होतं आणि त्यानंतर लावलेल्या प्रत्येक कॅसेटला बुरशी लागते. वेगळी काढा आणि साफ करणाऱ्या माणसाकडे द्या.

चांगल्या कॅसेट एकदा पूर्ण पुढे, एकदा पूर्ण मागे फिरवा. वर्षानुवर्षं एकाच ताणात बसलेली टेप सैल होते, चित्र कमी हलतं. मशीन एस-व्हिडिओ आउटचं आणि टीबीसी (टाइम बेस करेक्टर) असलेलं शोधा. टीबीसी प्रत्येक ओळीची सुरुवात जागेवर आणतो. तो नसेल तर उभ्या रेषा, म्हणजे दारं, खांब, धुराडी, सापासारख्या वळवळतात. टीबीसीवालं मशीन मिळालं नाही तर काही जुने पॅनासॉनिक डीव्हीडी रेकॉर्डर मधे जोडून चालतात: सिग्नल आत घालायचा, रेकॉर्ड न करता बाहेर काढायचा. स्वस्तातल्या यूएसबी कॅप्चर काड्या टाळा, त्या फ्रेम गाळतात आणि वीस मिनिटांनी आवाज चित्राच्या मागे पडतो.

कॅप्चर ७२० बाय ५७६, २५ फ्रेम, इंटरलेस्ड (प्रत्येक फ्रेम सम आणि विषम ओळींच्या दोन फील्डमध्ये विभागलेली), जसं आहे तसं. तासाला साधारण ७५ जीबी. एफएफव्ही१ मध्ये घेतलं तर काही न गमावता निम्म्याच्या आसपास. डीइंटरलेस (फील्डपासून पूर्ण फ्रेम बनवणं) नंतर करा आणि मूळ फाइल तशीच ठेवा. प्रीमियर किंवा रिझॉल्व्ह या संकलनाच्या सॉफ्टवेअरचं आपोआप होणारं डीइंटरलेस बऱ्याचदा एक फील्ड फेकून देतं, म्हणजे अर्ध्या ओळी गेल्या. क्यूटीजीएमसी या डीइंटरलेस करणाऱ्या साधनाने आधी ५० फ्रेम करून मग २५ वर आणा.

मिनीडीव्हीला कॅप्चर म्हणू नका, ती कॉपी आहे. फायरवायर केबलने जशीच्या तशी फाइल येते, तासाला १३ जीबी. चौकोनी ठिपके दिसले तर ज्या कॅमेऱ्यात रेकॉर्डिंग झालं तोच कॅमेरा शोधा. एलपी (जास्त वेळ रेकॉर्ड करण्याच्या) मोडमधल्या टेप दुसऱ्या मशीनवर बहुतेक वेळा नीट वाचल्या जात नाहीत.

क्रम: आंबट रीळ, मग व्हीएचएस, मग मिनीडीव्ही, शेवटी चांगलं रीळ.

---

मृणाल होटगी रोड

वरचं सगळं लाखमोलाचं आहे. मी संकलनाच्या बाजूने लिहिते.

जुनं चित्रण मुलाखतीवर पांघरूण म्हणून घालायचं नसतं. कामगार म्हणतोय ‘खात्यात फार आवाज असायचा’ आणि वर तीन सेकंदांचे मागाचे पाच शॉट, हे भिंतीवरच्या कागदासारखं झालं. प्रेक्षक बघतच नाही. त्याऐवजी बोलणं थांबवा आणि एक शॉट १२ ते १५ सेकंद चालू द्या. साचेखात्याच्या (मागांच्या विभागाच्या) शॉटमध्ये विणकर धोटा (मागावर आडवं सूत नेणारं साधन) तोंडाला लावून त्याच्या छिद्रातून सूत ओढताना दिसला, तर तो शॉट त्या क्षणाच्या आधी कापू नका. धूळ आणि कापसाची रज पोटात कशी जायची हे सांगायला दुसरं काही लागत नाही.

आणखी एक. स्कॅन हाती आलं की ते जुन्या कामगारांना दाखवा आणि बघतानाचं त्यांचं बोलणं रेकॉर्ड करा. ‘हे ब्लो रूम (कापूस मोकळा करायचं खातं) नाही, कार्डिंग (पिंजायचं खातं) आहे’, ‘हा जॉबर (मुकादम), ती बदलीवाली (बदली कामगारांची) रांग’ असं त्यांच्याच तोंडून येतं. ओळखही पटते आणि माहितीपटाला आवाजही मिळतो. प्रश्न विचारताना गिरणीचं नाव तुम्ही आधी घेऊ नका. घेतलं की माणूस हो म्हणतो.

गतीबद्दल: मूक काळातली आणि हौशी फिल्म १६ ते १८ फ्रेमने चित्रित झालेली असते. ती २५ ने चालवली की १६ फ्रेमवाली १.५६ पट पळते, माणसं टुणटुण उड्या मारल्यासारखी चालतात आणि प्रेक्षक हसतो. मोर्चा, लाठीमार, अंत्ययात्रा अशा चित्रणाचा हा अपमान आहे. क्लिप १६ फ्रेमची आहे असं सॉफ्टवेअरला सांगा आणि फ्रेमची पुनरावृत्ती होऊ द्या. ऑप्टिकल फ्लोने मधल्या फ्रेम बनवू नका, हातपाय वितळतात. मूळ गती माहीत नसेल तर चालणाऱ्या माणसाची पावलं मोजा, सेकंदाला साधारण दोन पडायला हवीत.

४:३ चित्र १६:९ मध्ये ताणू नका. कापलंत तर उंचीचा चौथा भाग जातो, म्हणजे डोकी किंवा पाय. १४४० बाय १०८० करून बाजूला काळ्या पट्ट्या ठेवा.

---

कापूसकोंडा

मृणालताई, कामगारांना दाखवण्याची कल्पना लगेच अमलात आणतो. १९३० च्या भागासाठी मात्र अडलं आहे. सोलापूरचं त्या दिवसांचं हलतं चित्रण हाती नाही. मुंबईच्या सत्याग्रहाचे शॉट चालतील का?

---

कन्ना चौक

माझ्या मते चालतात. प्रेक्षकाला त्या काळाची हवा कळली पाहिजे. टोप्या तशाच, झेंडे तसेच, लाठ्या तशाच. नुसत्या कागदांवर आणि हुतात्म्यांच्या पुतळ्यांवर आठ मिनिटं कोण बसेल?

---

मृणाल होटगी रोड

दादा, इथे मी ठाम विरोधात आहे. ‘१२ मे १९३०, सोलापुरात मार्शल लॉ’ असं निवेदन आणि खाली मुंबईचा शॉट, म्हणजे प्रेक्षकाला खोटं सांगणं. पुढच्या दहा वर्षांत कोणीतरी तुमच्या माहितीपटातून तोच तुकडा कापून ‘सोलापूरचं दुर्मिळ चित्रण’ म्हणून फिरवणार. मग मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, श्रीकिसन सारडा आणि जगन्नाथ शिंदे यांच्याबद्दलचं खरं सुद्धा लोक संशयाने बघतील.

आणि पकडलं जाणं सोपं आहे. मागे ट्राम दिसली, समुद्र दिसला, नारळाची रांग दिसली की संपलं. सोलापुरात ट्राम कधीच नव्हती.

वापरायचंच असेल तर दोन अटी. निवेदन त्या वेळी देशभराच्या आंदोलनाबद्दल बोलत असलं पाहिजे आणि पडद्यावर ‘मुंबई, १९३०’ अशी पाटी शॉटच्या पहिल्या फ्रेमपासून हवी. सोलापूरच्या घटनांसाठी वर्तमानपत्रांची पानं, हुकूमनामे, छायाचित्रं, आणि आज त्याच चौकात ठेवलेला स्थिर कॅमेरा. आठ मिनिटं कमी करून पाच करा, काही बिघडत नाही.

---

कन्ना चौक

पाटी पहिल्या फ्रेमपासून हे मान्य. शेवटी श्रेयनामावलीत लिहून भागत नाही, हेही पटतं.

---

पंचकट्टा

याच गटातला दुसरा सापळा: डॉ. कोटणीस (चीनमध्ये रुग्णसेवा करणारे सोलापूरचे डॉक्टर). सोलापूरचा माहितीपट म्हटलं की त्यांचा उल्लेख येतोच आणि संकलक त्यांच्यावरचा १९४६ चा व्ही. शांताराम यांचा चित्रपट उघडतो. तो कथापट आहे. त्यातले कोटणीस म्हणजे स्वतः शांताराम, प्रत्यक्षातले कोटणीस ९ डिसेंबर १९४२ लाच गेले. कृष्णधवल आणि ओरखडे असलेलं चित्र दिसलं की प्रेक्षक ते खरं धरतो. वापरलात तर ‘चित्रपटातील दृश्य’ अशी पाटी हवीच.

---

मोदीखाना

हक्कांबद्दल, भारतीय कायद्यापुरतं.

चित्रपट, माहितीपट, न्यूजरील: प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं. सरकारी कृतींनाही ६० वर्षं. म्हणजे १९६४ मध्ये प्रकाशित झालेली फिल्म १ जानेवारी २०२५ पासून मुक्त आहे. वर आलेला १९४६ चा चित्रपट २००६ अखेर मुक्त झाला, पण त्यातली गाणी वेगळी मोजायची. शब्द आणि संगीत यांचे हक्क रचनाकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालतात. त्याचे संगीतकार वसंत देसाई १९७५ ला वारले, म्हणजे संगीत २०३५ अखेरपर्यंत. म्हणून दृश्य घ्याल तर पार्श्वभूमीचं गाणं काढा.

हक्क संपला म्हणजे प्रत फुकट मिळते असं नाही. संग्रहालय रीळ काढण्याचे, स्कॅनचे, फाइलचे पैसे घेतं आणि करारात अटी घालतं. त्या अटी पाळाव्या लागतात. फिल्म्स डिव्हिजनचा संग्रह आता एनएफडीसीकडे (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे) आहे, पुण्याचं संग्रहालयही त्याच छत्राखाली.

लग्नाच्या कॅसेट. कॉपीराइट कायद्याचं कलम १७ सांगतं की पैसे देऊन, कोणाच्या सांगण्यावरून काढलेल्या छायाचित्राचा किंवा फिल्मचा पहिला मालक पैसे देऊन काढून घेणारा असतो, उलट करार नसेल तर. म्हणजे शूटिंग स्टुडिओने केलं तरी मालक साधारणपणे ते कुटुंब. त्यांची लेखी परवानगी घ्या: कोणती कॅसेट, कोणता भाग, कोणत्या माध्यमांसाठी, किती काळ. कॅसेटवर चढवलेली सिनेमाची गाणी मात्र त्यांना देताच येत नाहीत, तो आवाज पूर्ण काढा. नवरा-नवरी पुढे विभक्त झाले असतील तर दोघांनाही विचारा. कायद्यापेक्षा माणुसकीसाठी.

परदेशी न्यूजरील: ब्रिटिश पाथेने २०१४ मध्ये सुमारे ८५ हजार फिल्म यूट्यूबवर ठेवल्या. त्या पाहायला मोकळ्या आहेत, वापरायला परवाना लागतो. इथे मुदत संपली तरी तिथे चालू असू शकते आणि तुमचा माहितीपट परदेशातल्या महोत्सवात गेला की तो प्रश्न उभा राहतो.

---

कापूसकोंडा

यूट्यूबची प्रत निदान कच्च्या जुळणीत (पहिल्या संकलनात) वापरू ना?

---

मृणाल होटगी रोड

कच्च्या जुळणीत जरूर, पण तिथेही संग्रहाकडून टाइमकोड (प्रत्येक फ्रेमचा वेळ दाखवणारा आकडा) छापलेली पाहणीची प्रत मागा. यूट्यूबवरची प्रत पुष्कळदा ३० फ्रेमची केलेली असते, मधे मिसळलेल्या फ्रेम असतात. तिच्यावर कट लावलेत आणि नंतर २५ ची मूळ फाइल आली की प्रत्येक कट दोन-चार फ्रेम सरकतो. पाहणीच्या प्रतीवरचा टाइमकोड वाचून मूळ तुकडा मागवायचा, दोन्ही टोकांना एक-एक सेकंद जास्तीचा.

पैसे बहुतेक ठिकाणी सेकंदावर आकारतात आणि किमान सेकंदांची अट असते. म्हणून जुळणी पक्की झाल्याशिवाय परवाना घेऊ नका. एकाच संग्रहाचे चार शॉट घेणं हे चार संग्रहांचा एकेक घेण्यापेक्षा स्वस्त पडतं. सुरुवातीला फक्त महोत्सवांचे हक्क घ्या, पण वाहिनी आणि ओटीटीचा दर किती असेल ते त्याच करारात लिहून घ्या. नंतर विचारलंत तर दर वाढलेला असतो.

---

कन्ना चौक

कॅसेटवरचं साल ओळखण्याबद्दल राहिलं. कोपऱ्यात दिसणाऱ्या तारखेवर विसंबू नका, कॅमेऱ्याची आतली बॅटरी गेली की ती कारखान्यातल्या तारखेवर परत जाते. वाहनांच्या पाट्या बघा: ‘एमएच १३’ दिसलं तर चित्रण १ जुलै १९८९ नंतरचं, कारण नवी पद्धत तेव्हा आली. सिनेमाची पोस्टरं, निवडणुकीच्या भिंती, एसटीडी बूथ, दुकानाच्या पाटीवरच्या फोन क्रमांकात किती आकडे. गड्ड्याच्या यात्रेची कॅसेट असेल तर महिना जानेवारी ठरलेला, फक्त वर्ष शोधायचं.

आणि वरातीमागे बघा. नवी पेठेतून वरात चालली आहे, मागे धुराडं आहे, त्यातून धूर निघतोय की नाही? गिरणी त्या वर्षी चालू होती याचा तो पुरावा आहे. नवरदेवापेक्षा मागचे चार सेकंद तुमच्या कामाचे.

---

पंचकट्टा

फार छान मुद्दा. म्हणूनच एआयने अपस्केल करू नका. मागच्या पाटीवरची देवनागरी अक्षरं ते ‘सुधारतं’ आणि नसलेली अक्षरं तयार होतात. चेहऱ्यांचंही तेच. कणकण असलेलं चित्र खरं असतं. साफसफाई म्हणजे धूळ, ओरखडे, हलणं कमी करणं, तेवढ्यावर थांबा. गुलाबी पडलेल्या रंगीत फिल्ममध्ये निळसर-हिरवा रंग उडालेला असतो, तो स्कॅनमधून काही प्रमाणात परत आणता येतो. तो वेगळा प्रकार आहे. कृष्णधवलला रंग देणं हा नाही.

आवाज: मूक चित्रणावर मागाचा आवाज घालायचा असेल तर धोट्याच्या मागाचाच घाला. आजच्या रॅपियर (बिनधोट्याच्या) मागाचा आवाज वेगळा, ठोका वेगळा. धोट्याचे यंत्रमाग अजून चालतात तिथे रेकॉर्ड करा. आणि आवाज नंतर घातला आहे हे श्रेयनामावलीत लिहा.

---

मोदीखाना

सोलापूरच्या सेटलमेंटचा, म्हणजे ‘गुन्हेगार’ ठरवलेल्या जमातींना ठेवलेल्या वस्तीचा, भाग घेणार असाल तर एक सांगणं. गुन्हेगार जमाती कायदा १८७१ चा, तो ३१ ऑगस्ट १९५२ ला रद्द झाला. तोवर तारेच्या कुंपणात ठेवलेल्या माणसांची चित्रं काढली गेली ती सत्तेच्या किंवा मिशनच्या माणसांनी. कॅमेऱ्यासमोर उभं राहायचं की नाही, हे त्या माणसांच्या हातात नव्हतं. अशा छायाचित्राखालची जुनी ओळ जशीच्या तशी वाचू नका, ती कोणी लिहिली हे सांगा. आज त्या वस्तीत राहणाऱ्यांना जुळणी दाखवल्याशिवाय अंतिम करू नका. अमेरिकन मराठी मिशन सोलापुरात होतं, त्याच्या मूळ संस्थेची कागदपत्रं हार्वर्डच्या हॉटन ग्रंथालयात आहेत. ब्रिटिश कुटुंबांच्या घरगुती फिल्म केंब्रिजच्या दक्षिण आशिया केंद्राकडे आहेत आणि ऑनलाइन शोधता येतात. दोन्हीकडे इंग्रजी स्पेलिंगमध्ये ‘शोलापूर’ असं शोधा, ‘सोलापूर’ने फारसं काही निघणार नाही.

---

मृणाल होटगी रोड

नोंदवहीचा तक्ता पहिल्या दिवसापासून ठेवा. रकाने: शॉट क्रमांक, फाइलचं नाव, मूळ साहित्य कोणतं, कोणाकडून आलं, कुठलं ठिकाण, कोणतं साल, ते साल कशावरून ठरवलं, मूळ गती, हक्क कोणाचे, परवानगीची प्रत कुठे, जुळणीत किती सेकंद. ‘कशावरून ठरवलं’ हा रकाना रिकामा राहिला तर तो शॉट सालाच्या पाटीसह जाणार नाही. फाइलच्या तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, एक गावाबाहेर. प्रत्येकीचा एमडी५ (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा आकडा) काढून त्याच तक्त्यात.

---

कापूसकोंडा

तक्ता आजच सुरू केला. मूळ डबा आणि कॅसेट काम झाल्यावर घरच्यांना परत देणार. आंबट रीळ पुण्याला न्यायचं आहे, पुढच्या आठवड्यात. काही काळजी?

---

पंचकट्टा

बसच्या डिक्कीत किंवा गाडीच्या मागच्या काचेखाली नको. हुतात्मा एक्स्प्रेसच्या एसी डब्यात सोबत न्या, डबा आडवा ठेवा, झाकण चिकटपट्टीने हवाबंद करू नका. बाहेर कागदी चिठ्ठी लावा: मालकाचं नाव, लांबी किती फूट, आक्रसणं किती टक्के, ए-डी पट्टीचा आकडा, आणि ‘प्रोजेक्टरवर लावू नये’. जाण्याआधी फोन करून स्कॅनची वेळ पक्की करा, म्हणजे डबा तिथे कुठल्या गरम खोलीत चार दिवस पडून राहणार नाही. स्कॅन झाल्यावर फाइल तिथेच उघडून पहिलं, मधलं आणि शेवटचं मिनिट बघा. छिद्रं फाटलेल्या जागी चित्र उडी मारत असेल तर तेवढा भाग त्याच दिवशी पुन्हा करून घेता येतो.